‘ओ’वरची पट्टी

“एक कापड, त्यावर तीस अक्षरं, धरायला दोन पोरं. एक या टोकाला, एक त्या टोकाला. संपला विषय,” सरपंच रांगेल म्हणाला आणि त्याने हातही झटकले.

शाळेच्या तळघरात, बॉयलरच्या शेजारी, त्सोन्का ओल्या फडक्याने ‘झ’ पुसत होती. आमच्या लिपीतला ‘झ’ म्हणजे मधे एक दांडी आणि दोन्ही बाजूंना दोन-दोन पाय. उलट्या पडलेल्या झुरळासारखा दिसतो आणि पुसायला तितकाच कटकटीचा. बाकीची एकोणतीस अक्षरं भिंतीला टेकून आपापल्या पाळीची वाट बघत होती. सगळी प्लायवूडची आणि लहान मुलाच्या छातीएवढी. मागच्या बाजूला धरायला चामड्याचा एकेक पट्टा होता.

“बोलून झालं?” त्सोन्काने विचारलं.

“झालं.”

“मग ते ‘अ’ दे इकडे. नुसता उभाच आहेस.”

सरपंचाने मुकाट ‘अ’ उचलून दिलं. तो पहिलीत होता तेव्हा त्सोन्का या शाळेत नव्यानेच शिपाई म्हणून लागली होती, आणि त्याचं नाक पुसण्याचं काम बराच काळ तिच्याकडे होतं. त्यामुळे रोसेन्का गावाचा कारभार आता त्याच्या हातात असला, तरी तळघराचा नव्हता.

विषय होता चोवीस मेचा. इतर देशांत लढाया जिंकल्याचे दिवस साजरे होतात. आमच्या बल्गेरियात, लढायांचा हिशोब फारसा अभिमानाचा नसल्यामुळे असेल, अक्षरांचा दिवस साजरा होतो. त्या दिवशी शाळेची मुलं फुलांनी सजवलेली अक्षरं घेऊन गावातून मिरवणूक काढतात, पुढे बँड, मागे आयाबाया. एक अक्षर, एक मूल. आणि रोसेन्कातली जुनी रीत अशी, की ज्याच्या हातात अक्षर, त्याच्याच अंगणातली फुलं त्याला लावायची. विकतची चालत नाहीत, शेजाऱ्याचीही नाहीत. एके काळी एकेका अक्षरासाठी तीन-तीन पोरं भांडायची. आता शाळेत सतरा मुलं उरली होती. बाकीची आईबापांबरोबर व्हॅलेन्सियाला, लीड्सला, शिकागोला गेलेली. तिथली अक्षरं निराळी आणि फुलं दुकानातली.

“गेल्या वर्षीचा फोटो बघितलास ना, मावशी?” रांगेल म्हणाला. “एकेका पोराच्या दोन्ही हातांत अक्षरं. स्टेशनवरचे हमाल वाटत होते. यंदा जिल्ह्याहून पाहुण्या येताहेत. त्यांना काय दाखवू? की आमच्याकडे माणसांपेक्षा अक्षरं जास्त झालीत?”

“खरं तेच दाखव.”

“सरकारी पाहुण्यांना?”

मुख्याध्यापिका इस्क्राबाई जिन्याच्या वरच्या पायरीवर उभ्या होत्या. चांगले बूट घालून त्या तळघरात उतरत नसत. तिथूनच त्या म्हणाल्या, “कापडाची कल्पना तशी वाईट नाही, त्सोन्का. आणि ही अक्षरं आपण ग्रंथालयाच्या हॉलमध्ये ठेवू. काचेआड. संत किरिलच्या तसबिरीखाली.”

“नाहीतरी त्यानेच तर तयार केली,” सरपंच म्हणाला.

“त्याने नाही केली,” इस्क्राबाई म्हणाल्या. हे वाक्य त्या दर वर्षी भाषणात म्हणत आणि दर वर्षी सरपंच ते नव्याने ऐके. “किरिलने केली ती लिपी वेगळी होती, नुसती वेटोळ्यावेटोळ्यांची. ही आपली त्याच्या शिष्यांच्या हाताखाली झाली, इथे, प्रेस्लावला. गुरू तर तोवर वारलेसुद्धा होते.”

“मग लिपीला नाव त्याचं कसं?”

“गुरूचं नाव द्यायची पद्धत होती तेव्हा. उद्घाटन करणाऱ्याचं द्यायची नंतर आली.”

रांगेलच्या नावाचा बसथांबा गेल्याच महिन्यात झाला होता. तो ‘झ’कडे बघत राहिला.

त्सोन्काने फडकं बादलीत पिळलं. काचेआड म्हणजे काय हे तिला माहीत होतं. ग्रंथालयाच्या हॉलमध्ये काचेआड एक भरलेला लांडगा होता, पूर्वीच्या कुणा बँडवाल्याचा कर्णा होता, आणि हॉलची किल्ली कुणाकडे असते हे गावात कुणालाच ठाऊक नव्हतं.

“तीस माणसं आणली तर?” तिने विचारलं.

“पोरं सतराच आहेत, मावशी.”

“पोरं नाही म्हटलं. माणसं.”

रांगेलने इस्क्राबाईंकडे बघितलं. इस्क्राबाईंनी आपल्या बुटांकडे.

“तीस आणलीस तर कापड गाडीच्या डिकीत राहील,” सरपंच म्हणाला. “एक जरी कमी पडलं, तर अक्षरं काचेआड. कबूल?”

त्सोन्काने मान आडवी हलवली. रोसेन्कात मान आडवी हलली की ‘हो’, आणि हनुवटी वर गेली की ‘नाही’. बाकीच्या जगात हे उलटं असतं असं तिने ऐकलं होतं. पण मंगळावर हवा विरळ असते हेही तिने ऐकलेलं होतं, आणि दोन्हींचा तिला आजवर कधी उपयोग पडला नव्हता.

दोघं गेल्यावर तिने शेवटचं अक्षर पुसायला घेतलं. ‘ओ’. गोल चाकासारखं ते कधीतरी तडकलं होतं, आणि तिच्या नवऱ्याने, ख्रिस्तोने, मधोमध एक आडवी पट्टी ठोकून ते सांधलं होतं. ख्रिस्तो बस चालवायचा. सुतारकाम त्याला बसला येईल तितकंच यायचं. पट्टी ओबडधोबड होती आणि दोन्ही टोकांचे खिळे वाकडे. “हे काय करून ठेवलंस?” असं तिने तेव्हा विचारलं होतं. “फुलांखाली कोण बघतंय!” तो म्हणाला होता. त्यानंतरच्या हिवाळ्यात तो गेला. तेव्हापासून दर मे महिन्यात ‘ओ’ कुणाच्याही वाट्याला येवो, त्सोन्का आपल्या अंगणातली पियोनीची फुलं नेऊन ती पट्टी पुरती झाकून टाकी. रीत मोडून. शाळेची शिपाई असण्याचे थोडे फायदे असतातच.

*

म्हातारी मंडळी जमवणं सोपं होतं. त्यांना फक्त कुणीतरी विचारायला हवं होतं. गेन्को तर तिची वाटच बघत असल्यासारखा फाटकात उभा होता.

“सगळ्यात हलकं कोणतं?” त्याने विचारलं.

“ते छोटं, ‘बिनआवाजाचं’. त्याला स्वतःचा उच्चार नाही. दुसऱ्याला मऊ करतं फक्त.”

“तेच दे. या घरात पन्नास वर्षं मी तेच करतोय.”

“ऐकू येतंय हो मला!” आतून त्याची बायको म्हणाली. तिला त्सोन्काने ‘श्त’ दिलं. त्या अक्षराला तीन दांड्या असतात आणि शिवाय शेपूट.

दोन दिवसांत आठ म्हातारे झाले. सतरा आणि आठ पंचवीस. पाच अक्षरं उरली आणि गाव संपलं.

मग ती गुलाबांकडे गेली. आमच्या दरीत अक्षरांचा दिवस आणि गुलाबांचा हंगाम एकदमच येतात. अत्तराच्या तेलाचा गुलाब पहाटे खुडायचा असतो. ऊन चढलं की त्यातलं तेल उडून जातं आणि उरतो तो नुसता दिसायला चांगला गुलाब, ज्याला इथे कुणी विचारत नाही. पूर्वी गावच खुडायचं. आता गावाचे हात व्हॅलेन्सियात संत्री खुडतात, आणि आमचे गुलाब खुडायला किरगिझस्तानातून बायका येतात. यामागे काहीतरी मोठं अर्थशास्त्र असणार.

तान्योच्या शेतात पाच जणी होत्या, एकाच गावच्या. त्यांच्यात बुरुल थोरली. उंच, पन्नाशीची, डोक्याला पांढरा रुमाल, कमरेला गोणी. त्सोन्काला रशियन भाषा शाळेत सक्तीने शिकवलेली, म्हणजे ट्रॅक्टर, शांतता आणि हवामान या तीन विषयांवर तिला बोलता येई. बुरुललाही रशियन शाळेतच मिळालेली. दोघीही तिसऱ्याच्या भाषेत बोलत होत्या.

“उद्या आमचा अक्षरांचा सण,” त्सोन्का म्हणाली. “अक्षरं तीच आहेत, तुमचीसुद्धा. पाच माणसं कमी पडताहेत. सकाळी शाळेपाशी याल? प्रत्येकीला एक अक्षर.”

बुरुलने बाकीच्यांना ते किरगिझमध्ये सांगितलं. पाचही जणी एकमेकींकडे बघून हसल्या आणि पाचही जणींनी मान आडवी हलवली. जोरजोरात.

“किती गुणाच्या गं तुम्ही!” त्सोन्का म्हणाली, आणि बुरुल पुढे काही बोलणार तोच तिने तिच्या दोन्ही गालांचे मुके घेतले आणि निघालीसुद्धा. वाटेत सरपंच भेटला. त्याला तिने ऐटीत सांगितलं, “तीस.”

*

चोवीस तारखेला शाळेच्या अंगणात पंचवीस अक्षरं फुलांनी मढून उभी होती आणि पाच भिंतीला टेकून उघडी पडली होती. बँड चौकात एकच धून पुन्हा पुन्हा घासत होता. त्सोन्का रस्त्याकडे बघत होती. तिच्या अ‍ॅप्रनच्या खिशात नेहमीप्रमाणे पक्कड आणि तारेचा गुंडाळा होता. मिरवणुकीत ती दर वर्षी सगळ्यांच्या मागे चालायची, कुठे काही सुटलं तर बांधायला.

“येतीलच,” ती म्हणाली.

“कोण?” गेन्कोने विचारलं. “तान्योच्या शेतातल्या बायका? मी आत्ताच तिकडून आलो. खुडताहेत.”

“त्या हो म्हणाल्यात.”

“तोंडाने?”

“मान हलवली ना. पाचही जणींनी.” तिने मान आडवी हलवून दाखवली.

गेन्कोने काठी जमिनीवर टेकली आणि त्यावर दोन्ही हात ठेवले. “त्सोन्का,” तो म्हणाला, “मी तरुणपणी दोन वर्षं तिकडे रशियात, कोमीच्या जंगलात लाकडं तोडली. जेवणाच्या खिडकीवरची बाई विचारायची, अजून वाढू? मी अशी मान हलवायचो, आणि ती पातेल्यावर झाकण ठेवायची. महिन्याभरात माझी विजार खाली यायला लागली. त्या नाही म्हणाल्यात गं. केव्हाच्याच.”

म्हाताऱ्यांपैकी कुणीतरी हसलं आणि त्सोन्काचा चेहरा बघून थांबलं. तिने भिंतीकडे बघितलं. उघडी पाच अक्षरं, त्यांतलं एक ख्रिस्तोच्या पट्टीसकट. यंदा तिने पियोनी आणलीच नव्हती. ज्याचं अक्षर त्याचीच फुलं, हे एकदा तरी खरं होऊ दे, असं तिच्या मनात होतं.

रांगेल डिकीपाशी गेला होता. जिंकल्याचा आनंद त्याच्या चेहऱ्यावर नव्हता, हे त्याच्या बाजूने सांगायला हवं.

“मावशी, पाहुण्यांची गाडी येईल आता. मी कापड काढतो.”

“काढ,” त्सोन्का म्हणाली. तिने ‘ओ’ उचलून काखेत घेतलं आणि उरलेली चार गेन्कोच्या बायकोच्या ढकलगाडीत टाकली. “मी विचारून येते. या वेळी तोंडाने.”

आणि ती गाडी ढकलत निघाली, चौकाच्या उलट दिशेला.

त्यानंतर जे झालं ते कुणी ठरवलं नव्हतं. मुलांना मिरवणुकीचं एकच शास्त्र ठाऊक होतं: त्सोन्कामावशी चालायला लागली की मिरवणूक निघाली. त्यामुळे ‘अ’ तिच्यामागे निघालं. ‘अ’मागे ‘ब’ निघालं, आणि मग वर्णमालेला थांबवणं इस्क्राबाईंनाही जमलं नाही. “अरे, चौक तिकडे आहे!” त्या ओरडल्या आणि चांगल्या बुटांसकट मातीच्या रस्त्याला लागल्या. चौकातल्या बँडने दुरून अक्षरं उलटीकडे जाताना बघितली आणि वाजवणं सोडलं नाही. त्यांना पैसे वाजवण्याचे मिळत होते, दिशेचे नाही.

*

तान्यो बांधावर उभा होता. पोट पुढे, हात कमरेवर. लहानपणी त्याच्याकडे ‘फ’ असायचं. आमचं ‘फ’ म्हणजे एक उभी दांडी आणि तिच्या दोन्ही बाजूंना पोट. माणूस पुढे अक्षरासारखा होत जातो असं नाही, पण तान्यो झाला होता.

“काय गं, वाट चुकलीस?” तो म्हणाला.

“तुझ्या बायका हव्यात मला. तासाभरासाठी.”

“अजून सहा ओळी आहेत. ऊन बघ किती चढलंय. खुडणं सोडलं तर भट्टीत काय घालू, पाला?”

त्सोन्काने ओळींकडे बघितलं. मग मागे बघितलं. तिच्यामागे रस्त्यावर अख्खी वर्णमाला धापा टाकत उभी होती.

“अक्षरं बांधावर ठेवा,” ती म्हणाली. “नीट, फुलं वर करून. आणि खुडा.”

खुडायला मुलांना आवडतं, कारण ते शाळा नसते. म्हाताऱ्यांना शिकवावं लागलं नाही. त्यांच्या बोटांनी ते काम अर्धं आयुष्य केलेलं होतं. देठाच्या वर धरायचं, एक मुरड, टक्. गेन्कोने काठी रोपाला टेकवून दोन्ही हातांनी सुरुवात केली आणि बायकोला आवाज दिला, “आपलं कुठे जमलं आठवतंय? याच शेतात!” “पलीकडच्या,” ती म्हणाली, “आणि तू नाही, तुझा भाऊ होता तो.” रांगेल गाडी घेऊन सगळ्यांना परत न्यायला आला, तेव्हा इस्क्राबाईंनी त्याच्या सुटावरच गोणी बांधली.

बुरुल ओळीतून वर आली. तिने ही गर्दी बघितली, तान्योकडे बघितलं आणि मग त्सोन्काकडे.

“काल मी नाही म्हटलं होतं,” ती म्हणाली. “काम आहे म्हणून. तू ऐकलंच नाहीस. मुके घेऊन पळालीस.”

“आमच्यात मान आडवी म्हणजे हो.”

बुरुलने बांधावरच्या तान्योकडे बघितलं. “म्हणजे हा मालक,” ती हळूच म्हणाली, “रोज आम्हाला हो म्हणत होता?”

“कशाला?”

“दुपारच्या सुट्टीला.”

त्सोन्काने तान्योकडे असं बघितलं की त्याने लगेच पाठ फिरवली आणि एका रोपाची उगाचच पाहणी केली.

“काम आता होईल,” ती म्हणाली. “आता विचारते. याल?”

“तुमचा सण आहे,” बुरुल म्हणाली. “आम्ही परके. रशियनांनी दिली म्हणून आमच्याकडे ही अक्षरं. माझी आजी आधी मुल्लाकडून अरबी अक्षरं शिकली. सरकार म्हणालं, ती नको, लॅटिन शिका. शिकली. मग सरकार म्हणालं, तीही नको, ही शिका. तीही शिकली. तीनदा साक्षर झाली बिचारी आणि दोनदा निरक्षर, घरातून बाहेर न पडता. अक्षरांची मिरवणूक काढायची हे आम्हाला कुणी सांगितलंच नाही. आम्हाला वाटलं, अक्षरं म्हणजे हुकूम.”

इस्क्राबाई शेजारच्या ओळीत होत्या. बुटांना चिखल, केसांत पाकळ्या. आज त्यांचं भाषण चौकात माइकसमोर व्हायचं होतं. ते इथेच झालं, आणि नेहमीपेक्षा बरंच लहान.

“ज्यांनी ही केली तेही परकेच झाले होते, बाई,” त्या म्हणाल्या. “मोरावियात देवाला फक्त तीन भाषा कळतात असं तिथल्या पाद्र्यांचं मत होतं. चौथीत लिहितात म्हणून या शिष्यांना हाकलून दिलं. लाकडाचे ओंडके बांधून ते डॅन्यूब उतरून आले. इथे त्यांना कुणीतरी भाकरी दिली, बसायला जागा दिली. म्हणून ही अक्षरं झाली.” मग तान्योकडे बघून त्या म्हणाल्या, “त्यांनासुद्धा दुपारची सुट्टी असावी.”

“कळलं, कळलं,” तान्यो रोपाकडे बघत म्हणाला. “देतो सुट्टी.”

ओळी संपल्या. बुरुलच्या चौघी मैत्रिणींनी ढकलगाडीतली चार अक्षरं वाटून घेतली. एकीने आपलं अक्षर हुंगून बघितलं.

“पण फुलं?” गेन्कोच्या बायकोला रीत आठवली. “स्वतःच्या अंगणातली लागतात. यांचं अंगण कुठे?”

सगळे तान्योकडे बघायला लागले. एक गोणी गुलाब म्हणजे काय किंमत हे त्या बांधावरच्या प्रत्येकाला माहीत होतं. तान्योने आपल्या पोटावरून हात फिरवला.

“एवढे दिवस पहाटे कोण असतं इथे?” तो शेवटी म्हणाला. “माझ्यापेक्षा त्यांचंच अंगण आहे ते. घ्या. पण ती शेवटच्या ओळीची गोणी नको, ती जास्त तेलाची आहे.”

त्यांनी शेवटच्या ओळीतलीच घेतली.

त्सोन्काच्या काखेत ‘ओ’ होतं. पट्टीची बाजू तिने अंगाशी धरली होती. “हे तुझ्यासाठी,” ती बुरुलला म्हणाली, “जरा मोडकं आहे. माझ्या नवऱ्याने दुरुस्त केलंय. मधे भरपूर फुलं लावू, म्हणजे दिसणार नाही.”

बुरुलने ते हातात घेतलं, उलटसुलट केलं आणि थांबली. मग तिने मैत्रिणींना हाक मारली. चौघी आल्या. पाचही जणी एकदम बोलायला लागल्या.

“काय झालं?” त्सोन्काने विचारलं. “फार वाईट दिसतंय का?”

“हे आमचं आहे!” बुरुल म्हणाली. “गोल, आणि मधे आडवी रेघ. तुमच्याकडे नाही, रशियनांकडेही नाही. आमच्या अक्षरांत आहे.” तिने ओठांचा चंबू करून तो आवाज काढून दाखवला, ‘ओ’ म्हणता म्हणता ‘ए’ म्हणायचं ठरवावं तसा काहीतरी. “आमच्या भाषेत ‘शब्द’ असं लिहायचं तरी हे लागतं. तुझा नवरा आमच्याकडे आला होता?”

“तो कार्लोवोच्या पुढे कधी गेला नाही,” त्सोन्का म्हणाली. “बस तिथेच वळायची.”

*

पाहुण्या चौकातल्या व्यासपीठावर बराच वेळ बसल्या होत्या. शेवटी मिरवणूक आली ती खालच्या रस्त्याने, चिखलाच्या पायांनी, आणि तिच्या आधी गुलाबांचा वास आला. तीस अक्षरं, तीस माणसं. सरपंचाच्या सुटावर गोणी तशीच होती. पाहुण्यांनी फोटो काढायला सांगितला, आणि कापडाचं काय झालं हे त्यांना विचारायचं सुचलंच नाही. ते डिकीत होतं. अजूनही असेल.

चौकाच्या वळणावर बुरुलने मागे वळून बघितलं.

“पुढच्या हंगामाला येशील?” त्सोन्काने मागूनच विचारलं.

बुरुलने मान हलवायला घेतली, मधेच थांबली, हसली. “येईन,” ती म्हणाली. तोंडाने.

त्सोन्का नेहमीसारखी सगळ्यांच्या मागे चालत होती, पक्कड खिशात. सुटण्यासारखं काही दिसत नव्हतं. सगळ्यात शेवटी, तिच्या अगदी पुढे, बुरुलने ‘ओ’ दोन्ही हातांनी डोक्यावर धरलं होतं. गोलाभोवती गच्च गुलाब होते, पण मधली पट्टी तिने मोकळी ठेवली होती. एक पाकळीसुद्धा वर येऊ दिली नव्हती. ओबडधोबड, आडवी, जिथे होती तिथेच. पट्टीच्या दोन्ही टोकांचे ते वाकडे खिळे उन्हात चमकत होते, आणि चौकातले सगळे लोक ते बघत होते.